हा चेहरा कुठे तरी पाहिला आहे : जपानी ऐतिहासिक चित्रपटांतल्या चरित्र अभिनेत्रीची गोष्ट

२०२४ च्या सप्टेंबरमध्ये ‘शोगुन’ या मालिकेने एकाच हंगामासाठी १८ एमी पुरस्कार मिळवून विक्रम केला. त्यानंतर सहा महिन्यांनी, मार्च २०२५ मध्ये, अगदी तुटपुंज्या पैशांत काढलेल्या ‘सामुराई टाइमस्लिपर’ या चित्रपटाला जपानी अकादमीचा सर्वोत्कृष्ट चित्रपटाचा पुरस्कार मिळाला. या दुसऱ्या चित्रपटाची गोष्ट मोठी गमतीची आहे. जुन्या काळातला एक खराखुरा सामुराई आजच्या क्योतोमधल्या चित्रपट स्टुडिओत येऊन पडतो आणि पोटासाठी पडद्यावर नायकाच्या तलवारीने मरण्याचे, म्हणजे दुय्यम नटाचे काम धरतो.

अशा बातम्या वाचून जुने जपानी चित्रपट पाहायला बसणाऱ्या प्रेक्षकाला तिसऱ्या-चौथ्या चित्रपटापाशी एक कोडे पडते. समोरची बाई आपण आधी कुठे तरी पाहिली आहे, हे त्याला पक्के आठवत असते. एका चित्रपटात ती मुलांना सांभाळणारी दाई होती, दुसऱ्यात जंगलातले भूत होती, तिसऱ्यात बडबड करून यजमानांचा जीव नकोसा करणारी पाहुणी होती. नाव मात्र सापडत नाही, कारण श्रेयनामावली जपानी लिपीत असते आणि या चित्रपटांबद्दल लिहिणारे बहुतेक जण दिग्दर्शक व नायक यांच्यापाशीच थांबतात. मी वर सांगितलेल्या तिन्ही बायका एकाच अभिनेत्रीने उभ्या केल्या आहेत. तिचे नाव चिएको नानिवा. अशा अभिनेत्रीची कारकीर्द कशी घडते, ती कोणत्या यंत्रणेतून जाते आणि चित्रपटात तिचे नेमके काम काय असते, हे नानिवा यांच्या उदाहरणावरून समजून घेता येते.

## आधी दोन शब्द

जपानी लोक आपल्या चित्रपटांचे सरळ दोन भाग करतात. ज्यांची गोष्ट आधुनिक जपानच्या आधी, ढोबळमानाने १८६८ च्या मेइजी सत्तांतरापूर्वी घडते ते ‘जिदाईगेकी’ आणि आजच्या काळातले ते ‘गेन्दाईगेकी’. जिदाईगेकीतल्या बहुतेक कथा १६०३ ते १८६८ या एडो काळातल्या असतात. ‘ऐतिहासिक चित्रपट’ म्हटले की आपल्या डोळ्यांपुढे राजे आणि लढाया येतात. जिदाईगेकीत मात्र कर्जात बुडालेला व्यापारी, विकली गेलेली मुलगी आणि चाकरी गेलेला शिपाई यांच्याही गोष्टी तितक्याच असतात. आपल्याकडे पेशवाईतल्या एखाद्या सावकाराच्या घरावर चित्रपट निघाला, तर तो जपानी हिशेबाने जिदाईगेकीच ठरेल.

दुसरा शब्द ‘वाकियाकु’. ‘वाकी’ म्हणजे बाजू आणि ‘याकु’ म्हणजे भूमिका. जपानच्या ‘नो’ या प्राचीन नाट्यप्रकारात ‘वाकी’ नावाचे एक स्वतंत्र पात्र असते. बहुधा तो प्रवासी किंवा भिक्षू असतो. तो मंचाच्या कडेला एका ठरावीक खांबापाशी बसतो आणि मुख्य पात्राला प्रश्न विचारतो. त्याने विचारले नाही, तर मुख्य पात्र आपली कहाणी सांगणार कोणाला? कीर्तनात बुवांच्या मागे टाळकरी उभे असतात त्यापेक्षा वाकीचे काम जास्त आहे, कारण त्याच्यामुळेच गोष्टीला तोंड फुटते. मराठीत आपण ‘दुय्यम भूमिका’ म्हणतो तेव्हा त्यात उतरंड असते. जपानी शब्दात फक्त जागा सांगितलेली आहे. पुढे मी ‘चरित्र अभिनेत्री’ हा आपल्या परिचयाचा शब्द वापरतो.

## स्त्रीची भूमिका स्त्रीने करणे, हेही नवेच होते

जपानमध्ये १६२९ साली शासनाने स्त्रियांना रंगमंचावर बंदी केली आणि त्यानंतर काबुकी या लोकप्रिय नाट्यप्रकारातल्या सगळ्या स्त्रीभूमिका पुरुष करू लागले. बालगंधर्वांचे नाव घेऊन वाढलेल्या मराठी वाचकाला यात नवल वाटण्याचे कारण नाही. जपानी चित्रपट सुरू झाला तेव्हा हीच रीत पडद्यावर आली, आणि १९२० च्या दशकाच्या सुरुवातीला कुठे स्त्रियांनी हे नट हटवून आपली जागा घेतली. म्हणजे १९५० च्या दशकात, ज्याला जपानी चित्रपटाचा सुवर्णकाळ म्हणतात त्या वेळी, पडद्यावर जुन्या काळातली बाई एखाद्या बाईने साकारण्याची परंपरा जेमतेम तीस वर्षांची होती. जुन्या घरातली बाई कशी बसे, दार कसे सरकवी, सासूशी कोणत्या पट्टीत बोले, हे सांगणारे स्त्री-शिक्षक फार थोडे होते. हे ज्ञान ज्यांच्या अंगात होते त्यांचे मोल का वाढले, हे यावरून कळेल.

## चिएको नानिवा कोण?

त्यांचा जन्म १९०७ साली ओसाका शहराबाहेरच्या एका गरीब खेड्यात झाला. आई लवकर गेली. आठव्या वर्षी त्यांना ओसाकातल्या दोतोन्बोरी या भागात कामाला ठेवण्यात आले. दोतोन्बोरी म्हणजे तेव्हा नाटकगृहांची पेठ, आणि त्यांचे काम होते नाटकगृहांना जेवणाचे डबे पुरवणाऱ्या दुकानात. शाळा जवळजवळ घडलीच नाही. अक्षरओळख त्यांनी पुढे स्वतःच्या खटपटीने करून घेतली. मोठेपणी त्या क्योतोला आल्या, नाटकमंडळीत शिरल्या आणि ओसाकाच्या विनोदी रंगभूमीवर स्थिरावल्या. त्यांचे ‘नानिवा’ हे कलाक्षेत्रातले नाव म्हणजे ओसाकाचेच जुने नाव. विनोदी नट आणि नाटककार तेन्गाई शिबुया यांच्याशी त्यांचे लग्न झाले. १९४८ साली उभ्या राहिलेल्या ‘शोचिकु शिन्किगेकी’ या नाटकमंडळीत दोघेही होते. मग संसार मोडला आणि १९५१ मध्ये त्यांनी मंडळीही सोडली.

त्या वेळी त्यांचे वय त्रेचाळीस-चव्वेचाळीस होते. नायिकेच्या हिशेबाने हे वय म्हणजे कारकिर्दीचा शेवट. नानिवा यांची चित्रपटातली खरी कारकीर्द इथून सुरू झाली, आणि तिला वाट करून दिली रेडिओने. १९५२ मध्ये ओसाका आकाशवाणी केंद्राच्या एका विनोदी श्रुतिकामालिकेत त्यांनी हानाबिशी आचाको या लोकप्रिय विनोदी नटाच्या आईची भूमिका केली आणि तो ओसाकी बोलीतला आवाज घरोघरी पोहोचला. दुसऱ्याच वर्षी केन्जी मिझोगुची या दिग्दर्शकाच्या ‘गिओन बायाशी’ या चित्रपटात त्या दिसल्या. तो जिदाईगेकी नव्हे. त्याची गोष्ट युद्धानंतरच्या क्योतोमधली आहे. तिथे त्या गेइशांच्या, म्हणजे नाचगाण्याने पाहुण्यांचे मन रमवणाऱ्या कलावतींच्या, बैठकी जिथे होतात त्या घराच्या मालकीण आहेत. ही बाई गोड बोलून एका तरुण मुलीला कर्जात अडकवते आणि मुलगी गिऱ्हाइकाला नकार देते तेव्हा तितक्याच गोड बोलून तिचे काम बंद पाडते. या भूमिकेसाठी त्यांना त्या वर्षीचा ब्लू रिबन पुरस्कार, सहायक अभिनेत्रीचा, मिळाला.

## पोशाख घातला की जुना काळ उभा राहत नाही का?

हा पहिला आक्षेप, आणि तो स्वाभाविक आहे. किमोनो, केसांचा टोप आणि लाकडी घर मिळाले की झाले, असे कोणालाही वाटेल.

आपल्या जुन्या चित्रपटात आलवण नेसलेली बाई आली की एक शब्द न बोलता तिचे सगळे आयुष्य कळते. जिदाईगेकीत केशरचना असेच काम करते. ‘शिमादा’ पद्धतीचा अंबाडा म्हणजे लग्न व्हायचे आहे, ‘मारुमागे’ म्हणजे लग्न झाले आहे. इथवरचे काम टोप करतो. पण अंगावरची नऊवारी आणि अंगवळणी पडलेली नऊवारी यांत जो फरक आपल्याला एका नजरेत दिसतो, तोच जपानी प्रेक्षकाला किमोनोत दिसतो. पावले किंचित आत वळवून, गुडघे जवळ ठेवून, तळवे जमिनीवरून सरकवत चालायचे. काही घ्यायला हात पुढे केला की दुसऱ्या हाताने बाही आवरायची. सरकते दार आधी गुडघ्यांवर बसून उघडायचे. या सगळ्याला जपानी भाषेत ‘शोसा’ असा एकच शब्द आहे. आपण त्याला ‘रीतभात’ म्हणू, पण ती शरीराने पाळायची.

याच्या जोडीला बोली. क्योतोच्या व्यापारी घरातली बाई तोक्योच्या वळणाने बोलली, तर मालवणातली आजी सदाशिव पेठेतले मराठी बोलू लागल्यासारखे वाटते.

या ठिकाणी ‘चिकामात्सु मोनोगातारी’ या १९५४ च्या चित्रपटाचे उदाहरण जवळून पाहण्यासारखे आहे. गोष्ट १६८३ साली क्योतोमध्ये खरोखर घडलेल्या प्रकरणावर आधारलेली आहे. पंचांग छापणाऱ्या धनाढ्य माणसाची तरुण बायको ओसान आणि त्याच्याच दुकानातला कारागीर मोहेइ यांच्यावर व्यभिचाराचा आळ येतो. दोघे पळतात, आणि पळता पळता तो आळ खरा ठरतो. ओसानच्या भूमिकेत क्योको कागावा होत्या, वय पुरते तेवीसही नव्हते. लग्न झालेली बाई साकारायची, तीही क्योतोची, तीही सतराव्या शतकातली, आणि अंगावर जमिनीवर लोळणारा लांब किमोनो. मिझोगुची कसे करायचे हे नटाला कधी सांगत नसत. समोरच्याच्या बोलण्याचा तुमच्यावर परिणाम होतो आहे का, एवढेच विचारीत आणि होत नसेल तर पुन्हा करायला लावीत. अशा वेळी कागावा यांना क्योतोची बोली आणि किमोनोतले वावरणे शिकवले ते चित्रपटात त्यांच्या आईचे काम करणाऱ्या चिएको नानिवा यांनी. कागावा यांनी ही आठवण स्वतः सांगितली आहे.

म्हणजे पडद्यावर नायिकेची जी चाल आपण पाहतो, तीत या चरित्र अभिनेत्रीचा वाटा आहे. चित्रपट पाहताना हे कुठेही दिसत नाही. आपल्याला दिसते ती फक्त ओसानची आई, मुलीवर जीव असलेली आणि तरीही घराची अब्रू व पैसा यांच्या धाकाने मुलीने नवऱ्याकडे परत जावे म्हणून काकुळतीला येणारी.

## सगळे श्रेय दिग्दर्शकाचेच नाही का?

मिझोगुची यांचे नाव झाले ते लांबच लांब टेकमुळे, म्हणजे मध्ये न कापता एका दमात चित्रित केलेल्या प्रसंगांमुळे. छायालेखक काझुओ मियागावा यांचा कॅमेरा थोडा दूर राहून पात्रांच्या मागे मागे फिरतो. जवळून घेतलेले चेहरे फार थोडे. समीक्षक याचे कौतुक दिग्दर्शकाच्या नावावर मांडतात, आणि ते चूक नाही.

पण या पद्धतीत नटांचे काय होते? नेहमीच्या चित्रपटात दुय्यम पात्र कच्चे असेल तर संकलक त्याचा चेहरा कापतो, नायकाचा लावतो आणि वेळ मारून नेतो. लांब टेकमध्ये ही सोय नाही. भजनात एक जण बेसूर झाला तर सगळ्यांनाच ऐकू येते, तसे इथे मागे बसलेल्या मोलकरणीची मान चुकीच्या क्षणी वळली तरी सगळे पुन्हा करावे लागते. त्यामुळे मिझोगुचींसारख्या दिग्दर्शकाला कडेच्या जागांवर कसलेली माणसे लागत. रंगभूमीवर तीस-तीस वर्षे दोन-दोन तास सलग उभे राहण्याची सवय असलेली मंडळी या कामाला अनायासे योग्य होती.

१९५४ च्याच ‘सान्शो दायू’मध्ये याचा पुरावा आहे. अकराव्या शतकातली गोष्ट. पदच्युत अधिकाऱ्याची बायको आपल्या दोन मुलांना आणि एका दाईला घेऊन नवऱ्याकडे निघाली आहे. वाटेत आसरा देणारी एक भगवी-सोवळी दिसणारी बाई त्यांना माणसे विकणाऱ्यांच्या हवाली करते. पहाटेच्या धुक्यात आई आणि दाई नावेत, मुले काठावर, आणि काय चालले आहे हे कळेपर्यंत नाव सुटलेली असते. दाई झगडते, पाण्यात पडते आणि बुडते. दाई आहेत नानिवा. गोड बोलून घात करणारी बाई आहे किकुए मोरी, जिने आदल्या वर्षी मिझोगुचींच्याच ‘उगेत्सु’मध्ये भुताटकीच्या वाड्यातली म्हातारी दासी केली होती. हा प्रसंग संपतो तेव्हा चित्रपटाचा बराच भाग शिल्लक असतो आणि नानिवा त्यात पुन्हा येत नाहीत. पण मुलांना आता कोणीही उरलेले नाही, हे आपल्याला कळते ते दाई बुडाल्यामुळे. आई दूर नेली जाते, ती जिवंत आहे. मुलांसाठी झगडणारे मोठे माणूस डोळ्यांसमोर नाहीसे होते ते दाईच्या रूपाने.

## कंपन्यांचा करार आणि कडेच्या माणसांची मोकळीक

आता यंत्रणेकडे वळू. त्या काळचे जपानी स्टुडिओ नटांना करारात बांधून ठेवीत. प्रभात फिल्म कंपनीत नट महिन्याच्या पगारावर असत, हे मराठी वाचकाला ठाऊक आहे. जपानमध्ये हीच पद्धत फार मोठ्या प्रमाणावर होती. १९५३ च्या सप्टेंबरमध्ये शोचिकु, तोहो, दाईएई, शिन्तोहो आणि तोएई या पाच कंपन्यांनी एकमेकींचे नट पळवायचे नाहीत आणि उसनेही द्यायचे नाहीत असा करार केला. धंदा किती मोठा होता हे एका आकड्यावरून कळेल. १९५८ मध्ये जपानमध्ये ११२ कोटींहून अधिक तिकिटे विकली गेली आणि तेव्हा देशाची लोकसंख्या सुमारे ९ कोटी २० लाख होती. म्हणजे तान्ह्या मुलापासून म्हाताऱ्यापर्यंत प्रत्येकाने वर्षाला बारा चित्रपट पाहिल्यासारखे झाले.

हा करार मुख्यतः नायक-नायिकांवर बसला, कारण तिकिटे त्यांच्या नावावर खपत. नानिवा यांची कामे पाहा : १९५४ ला दाईएईसाठी मिझोगुचींकडे, १९५७ ला तोहोसाठी अकिरा कुरोसावांकडे, १९५८ ला शोचिकुसाठी यासुजिरो ओझुंकडे. तिन्ही दिग्दर्शक जगप्रसिद्ध, तिन्ही कंपन्या एकमेकींच्या स्पर्धक, आणि ही बाई तिघांकडे जाऊन आली. बड्या जमीनदाराला गाव सोडता येत नाही आणि सुताराला दहा गावांत काम मिळते, तसाच हा प्रकार आहे. सुरुवातीला जे कोडे सांगितले, की हाच चेहरा पुन्हा पुन्हा का दिसतो, त्याचे बरेचसे उत्तर इथे आहे.

या मोकळ्या फिरण्यातून भूमिकांत केवढे अंतर पडे, ते कुरोसावांच्या ‘कुमोनोसु-जो’त दिसते. इंग्रजी नावाने तो ‘थ्रोन ऑफ ब्लड’ म्हणून ओळखला जातो. ज्या ‘मॅकबेथ’वरून शिरवाडकरांनी ‘राजमुकुट’ लिहिले, त्याचेच हे जपानी रूप. मूळ नाटकातल्या तीन चेटकिणींच्या जागी इथे एकच आकृती आहे. जंगलात वेळूच्या काटक्यांची पिंजऱ्यासारखी झोपडी, आत पांढऱ्या वस्त्रातली, पांढऱ्या केसांची व्यक्ती चाकावर सूत गुंडाळते आहे. दोन घोडेस्वार सरदार समोर ओरडत आहेत. ती वर पाहत नाही. चाक एका गतीने फिरते, आणि खर्जातल्या सपाट, घोगऱ्या आवाजात ती माणसाच्या क्षणभंगुर आयुष्याचे गाणे म्हणते. मग त्याच सुरात, जोर न देता, भविष्य सांगते. ‘नो’ नाटकातली सूत कातणारी राक्षसीण यामागे आहे. या आकृतीच्या वाट्याला चित्रपटाची मोजकी मिनिटे आली आहेत आणि पुढचे सगळे रक्त त्या मिनिटांतून वाहते. जिचा बोलका, लगबगीचा, आईपणाचा आवाज जपानने पाच वर्षे रेडिओवर ऐकला होता, तिच्या आवाजातून सगळी ऊब काढून घेतल्यावर काय उरते, ते कुरोसावांनी ऐकवले. या चित्रपटाबद्दल इसुझु यामादा यांच्या थंड लेडी मॅकबेथचे जेवढे बोलले जाते, त्याच्या पावपट तरी या भुताबद्दल बोलले जायला हवे होते, असे मला वाटते.

## नायिका ‘उतरून’ दुय्यम भूमिकेत येते, ही पडती नव्हे का?

काही वेळा ती पडतीच असते, आणि ते लपवण्यात अर्थ नाही. नानिवा यांना उतरायचे नव्हते, कारण त्या कधी वर चढल्याच नव्हत्या. ताकाको इरिए यांचे तसे नव्हते.

इरिए या सरदार घराण्यातल्या, १९११ चा जन्म. १९२७ मध्ये पडद्यावर आल्या, आणि १९३२ मध्ये, वयाच्या एकविसाव्या वर्षी, त्यांनी स्वतःच्या नावाची निर्मितिसंस्था काढली. १९३३ साली मिझोगुचींनी ‘ताकी नो शिराइतो’ हा गाजलेला मूकपट केला तो या संस्थेसाठी. म्हणजे त्या वेळी निर्मितीची सूत्रे इरिए यांच्याकडे होती आणि मिझोगुची त्यांच्याकडे काम करीत होते. युद्धानंतर वय वाढले, आजारपण आले, भूमिका आटल्या. १९५३ पासून दाईएई कंपनीने त्यांना ‘मांजरभुता’च्या चित्रपटांत घेतले. अन्यायाने मेलेल्या मालकिणीचे रक्त चाटून मांजर तिचे रूप घेते आणि सूड उगवते, अशी ही लोककथा. चित्रपट स्वस्तातले आणि गल्ला बरा. इरिए यांचे नाव पुन्हा झाले, पण ‘मांजरभूतवाली नटी’ असे.

१९५५ मध्ये मिझोगुची यांनी ‘योकिही’ या चिनी सम्राटाच्या गोष्टीवरच्या चित्रपटात त्यांना एक दुय्यम भूमिका दिली. सेटवर मिझोगुची त्यांचे काम पुन्हा पुन्हा नाकारत राहिले आणि हा मांजरभुताचा अभिनय झाला, असे सर्वांसमक्ष सुनावले. इरिए यांना भूमिका सोडावी लागली. ती पुढे हारुको सुगिमुरा यांनी केली. ज्यांच्या संस्थेत कधी काळी हेच दिग्दर्शक काम करीत होते, त्यांची ही संभावना. मिझोगुची मोठे कलावंत होते, स्त्रियांच्या दुःखाबद्दल त्यांच्याइतके थोड्यांनी सांगितले आहे, आणि तरीही ही गोष्ट वाचली की मला त्यांचा राग येतो. पुढे इरिए यांनी १९५९ मध्ये तोक्योतल्या गिन्झा भागात मद्यगृह काढले आणि चित्रपटांपासून त्या दूर गेल्या.

मग कुरोसावांनी त्यांना बोलावले. १ जानेवारी १९६२ रोजी प्रदर्शित झालेल्या ‘त्सुबाकी सान्जुरो’मध्ये त्या एका वृद्ध कारभाऱ्याच्या पत्नी आहेत. कटात सापडलेल्या या बाईंना तोशिरो मिफुने यांचा रांगडा, खाजवत फिरणारा बेकार सामुराई सोडवतो. पळायचे आहे, जीव धोक्यात आहे, पण भिंत चढायची कशी हा यांना संकोच. शेवटी सामुराई हातापायांवर ओणवा होतो आणि बाई त्याची माफी मागत त्याच्या पाठीवर पाय ठेवतात. नंतर त्याच मवाळ आवाजात त्या त्याला सांगतात की उठसूट माणसे मारण्याची खोड वाईट आहे. तुम्ही म्यानाबाहेरच्या तलवारीसारखे लखलखता, पण खरी चांगली तलवार म्यानात असते. तो चपापतो. चित्रपटाच्या शेवटी, एका क्षणात संपणाऱ्या त्या प्रसिद्ध द्वंद्वानंतर, तोच माणूस समोरच्या प्रेताकडे पाहून पोरांना म्हणतो की हा माझ्यासारखाच उघडी तलवार होता, आणि त्या बाई बरोबर बोलल्या होत्या.

दुय्यम पात्राचे वाक्य नायकाच्या तोंडी शेवट म्हणून येते, याहून त्या भूमिकेचा मान काय मोठा करायचा? इरिए यांची जुनी घराणेदार ऐट या भूमिकेत कामी आली आहे. ती ऐट मांजरभुतांनी पुसली नव्हती.

## आई, दाई, कुंटीण, म्हातारी : भूमिका एवढ्याच का?

हा आक्षेप मात्र पूर्ण मान्य करावा लागतो. जिदाईगेकीत तलवार पुरुषाकडे, आणि गोष्ट तलवारीची. स्त्रीपात्रे घरात, बैठकीत किंवा भूतयोनीत. पस्तिशी उलटलेल्या अभिनेत्रीसाठी यापलीकडे थोडे होते, आणि त्यामुळे किती जणींच्या अंगातले गुण वाया गेले असतील याचा हिशेब कोणी ठेवलेला नाही. नानिवा यांचे वेगळेपण असे की त्यांनी मिळालेल्या अरुंद जागेत प्रत्येक बाईला वेगळा व्यवहार दिला. त्यांच्या बायका नेहमी काही तरी करीत असतात. ओझुंच्या ‘हिगानबाना’मध्ये (आजच्या काळातली गोष्ट) त्या क्योतोहून आलेल्या, बोलणे न थांबवणाऱ्या पाहुण्या आहेत. नको झालेला पाहुणा लवकर जावा म्हणून झाडू उलटा उभा करण्याची जपानी रीत आहे. यजमानांच्या घरात तसा झाडू ठेवलेला असतो. नानिवा स्वच्छतागृहाकडे जाताना तो पाहतात, नीट सुलटा करून ठेवतात आणि पुढे जातात. तोंडावर काही नाही.

अशा अभिनेत्रीला लोकप्रियता नसते, असेही समजू नये. ओरोनाईन या मलमाच्या पत्र्याच्या जाहिरातींवर नानिवा यांचा हसरा चेहरा जपानभर गल्लोगल्ली लटकत होता. त्यांचे खरे नाव नान्को किकुनो. आणि ‘नान्को किकु नो’ याचा जपानी भाषेत अर्थ होतो ‘मलमाने गुण येतो हो’. जाहिरातवाल्यांना एवढे आयते घबाड क्वचितच मिळत असेल.

## आता हे उरले आहे का?

१९६० च्या दशकात दूरचित्रवाणी घरात आली आणि चित्रपटगृहे ओस पडू लागली. दाईएई कंपनी १९७१ च्या डिसेंबरमध्ये दिवाळखोरीत गेली. जिदाईगेकी छोट्या पडद्यावर सरकला. एनएचके या जपानच्या सार्वजनिक प्रसारणसंस्थेने १९६३ मध्ये सुरू केलेली वर्षभर चालणारी ऐतिहासिक मालिका आजही दर वर्षी नवी येते. ‘मितो कोमोन’ ही मालिका मात्र १९६९ पासून २०११ पर्यंत चालून थांबली, आणि तिच्याबरोबर क्योतोतल्या अनेक कडेच्या कलाकारांचे नियमित काम थांबले. ‘सामुराई टाइमस्लिपर’ची सगळी हळहळ याच थांबण्याबद्दल आहे. त्यात सहायक दिग्दर्शिकेची भूमिका करणाऱ्या युनो साकुरा चित्रीकरणात खरोखरच सहायक दिग्दर्शिकेचेही काम करीत होत्या.

चिएको नानिवा १९७३ च्या डिसेंबरमध्ये वारल्या. २०२० च्या अखेरीस एनएचकेने त्यांच्या आयुष्यावर बेतलेली ‘ओचोयान’ ही सकाळची मालिका सुरू केली, तेव्हा त्यांना जाऊन सत्तेचाळीस वर्षे होत होती आणि तरुण प्रेक्षकांना त्या मलमाच्या जाहिरातीपुरत्याच माहीत होत्या. क्योको कागावा मात्र पुढे कित्येक दशके काम करीत राहिल्या. २०११ साली जगभरच्या चित्रपट-संग्रहालयांच्या महासंघाचा पुरस्कार त्यांना मिळाला. हा पुरस्कार मिळवणाऱ्या त्या पहिल्या जपानी व्यक्ती. ‘चिकामात्सु मोनोगातारी’बद्दल विचारले की त्या सेटवरच्या रडकुंडीच्या दिवसांबद्दल सांगतात, आणि मग लांब किमोनो न अडखळता कसा चालवायचा ते आपल्याला कोणी दाखवले, ते सांगतात.